सावकारी पाश

सावकारी पाश : कर्जबाजारी शेतकऱ्याच्या जीवनावरील मराठी मूकपट (१९२५). कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने त्याची निर्मिती केली आणि चित्रकार व चित्रपट दिग्दर्शक बाबूराव पेंटर (३ जून १८९०–१६ जानेवारी १९५४) यांनी त्याचे दिग्दर्शन केले. कथा मराठी कादंबरीकार नारायण हरी आपटे यांची होती. इंग्रजीत तो ‘इंडियन शायलॉक’ या नावानेही ओळखला जाई. पौराणिक व ऐतिहासिक कथांचेच प्राबल्य असलेल्या काळात समकालीन खेड्यातील एका जिवंत सामाजिक प्रश्नाला हात घालणारा आणि वास्तववादी शैलीत तो मांडणारा भारतातील पहिल्या चित्रपटांपैकी एक म्हणून त्याची गणना होते. दख्खनच्या शेतकऱ्याचे कर्ज हा विषय त्यापूर्वी सु. पन्नास वर्षे सरकारी अहवाल, कायदे, सभा आणि वृत्तपत्रे यांतून चर्चिला जात होता. पडद्यावर त्याला माणसाचा चेहरा प्रथम या मूकपटाने दिला.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : मूकपटाचा विषय कल्पित असला, तरी त्यामागील परिस्थिती दख्खनमधील दोन-तीन पिढ्यांच्या अनुभवाची होती. इंग्रजी अमलात रयतवारी पद्धतीनुसार शेतसारा रोखीने व ठराविक हप्त्यांनी भरावा लागे. पाऊस मात्र ठराविक नसे. सारा भरण्यासाठी, बी-बियाण्यासाठी, बैलासाठी किंवा लग्नकार्यासाठी शेतकऱ्याला सावकाराकडे जावे लागे. अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात (१८६१–६५) कापसाचे भाव वाढले व कर्जही सहज मिळू लागले. युद्ध संपताच भाव कोसळले, पण कर्जे राहिली. त्यातच १८६७ पासून फेरपाहणी होऊन अनेक तालुक्यांत साऱ्यात मोठी वाढ करण्यात आली. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या कर्जखताची मुदत तीन वर्षांवर आणली होती. ऋणकोचे हित हा त्या कायद्याचा हेतू. परंतु परिणाम उलटा झाला. मुदत भरण्याआधी सावकार नवे खत लिहून घेई, साचलेले व्याज मुद्दलात मिळवी आणि त्या वाढलेल्या रकमेवर पुन्हा व्याज चढू लागे. खत वाचता न येणारा कुणबी त्यावर निशाणी करून मोकळा होई. पुढे दिवाणी दावा एकतर्फी निकालात निघाल्यावरच त्याला आपण कशावर निशाणी केली हे समजे.

याचा उद्रेक १८७५ मध्ये झाला. पुणे जिल्ह्यातील शिरूर तालुक्यातील कर्डे या गावी १८७४ च्या अखेरीस शेतकऱ्यांनी सावकारांवर सामाजिक बहिष्कार घातला. १२ मे १८७५ रोजी सुपे येथील बाजाराच्या दिवशी जमावाने सावकारांची दुकाने व घरे लुटली. लवकरच हे लोण अहमदनगर (विद्यमान अहिल्यानगर) जिल्ह्यात पोहोचले व पारनेर, श्रीगोंदे, नगर आणि कर्जत या तालुक्यांतील गावांत दंगे झाले. दंगेखोरांचे मुख्य लक्ष्य सावकार नसून त्याचे दप्तर होते. कर्जखते व हुकूमनामे हस्तगत करून ती जाळणे हा बहुतेक ठिकाणी उठावाचा मुख्य भाग होता. खते स्वाधीन केल्यास सावकाराच्या जिवाला सहसा अपाय होत नसे. तुकाराम महाराजांनी घरची कर्जखते इंद्रायणीत बुडविल्याची कथा ज्या प्रदेशात घरोघर माहीत होती, तेथे कागद नाहीसा झाला की ऋण नाहीसे होते, ही भावना असणे स्वाभाविक होते.

सरकारने नेमलेल्या आयोगाच्या चौकशीनंतर १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा संमत झाला. प्रारंभी तो पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू होता. केवळ खतावर विसंबून न राहता व्यवहाराचा मुळापासूनचा इतिहास तपासण्याचा अधिकार न्यायालयांना मिळाला. शेतकऱ्याला कर्जापायी होणारी अटक बंद झाली आणि खास गहाण न दिलेल्या जमिनीच्या विक्रीवर निर्बंध आले. तथापि सावकारांनी यातूनही वाट काढली. गहाणखताऐवजी खरेदीखतच करून घ्यायचे व परतफेड झाल्यास जमीन परत देण्याचे तोंडी आश्वासन द्यायचे, ही रीत त्यांपैकी एक होय. जोतीराव फुले यांनी १८८३ मध्ये शेतकऱ्याचा असूड या ग्रंथात शेतकऱ्याच्या अज्ञानाचा, त्याच्या कर्जबाजारीपणाचा आणि कचेरीत होणाऱ्या त्याच्या नागवणुकीचा एकत्रित विचार मांडला. १९०४ च्या कायद्याने सहकारी पतसंस्थांचा मार्ग खुला झाला. १९१८ मध्ये अवाजवी व्याजाच्या कर्जांविषयी कायदा झाला. एवढे होऊनही १९२५ मध्ये खेड्यातील पतपुरवठा मुख्यतः सावकाराच्याच हाती होता. प्रश्न केवळ दख्खनचा नव्हता. पंजाबातील शेतकऱ्याच्या कर्जाविषयीचा माल्कम डार्लिंग या सनदी अधिकाऱ्याचा प्रसिद्ध ग्रंथ याच वर्षी प्रकाशित झाला.

राजकीय संदर्भ : मूकपट निर्माण झाला तो काळ राजकीय स्थित्यंतराचा होता. कोल्हापूर संस्थानात राजर्षी शाहू महाराजांनी १९०२ मध्ये मागासलेल्या वर्गांसाठी निम्म्या जागा राखून ठेवल्या होत्या आणि १९१८ मध्ये कुलकर्णी वतने रद्द करून तलाठ्यांच्या नेमणुका सुरू केल्या होत्या. गावच्या दप्तरावरील वंशपरंपरागत अधिकार त्यामुळे मोडला. १९२२ मध्ये महाराजांचे निधन झाले व राजाराम महाराज गादीवर आले. संस्थानाबाहेर १९१९ च्या सुधारणा कायद्यानुसार मुंबई विधिमंडळाच्या निवडणुका झाल्या आणि ब्राह्मणेतर पक्षाचे प्रतिनिधी प्रथमच त्यात आले. कोल्हापूर दरबारच्या सेवेत राहिलेले भास्करराव जाधव हे पुढे प्रांताचे मंत्री झाले. सातारा जिल्ह्यात सत्यशोधक चळवळीने शेतकऱ्यांना सावकार व जमीनदार यांच्याविरुद्ध उभे केले होते. मुळशी येथे धरणाखाली जाणाऱ्या जमिनींसाठी १९२१ पासून सत्याग्रह झाला. त्याचे नेते सेनापती बापट हे पारनेरचे. शेतकरी हा आता केवळ दयेचा विषय राहिला नव्हता. तो मतदार, सत्याग्रही आणि वृत्तपत्रांचा वाचक वा श्रोता होऊ लागला होता. जमीन कोणाची, हा प्रश्न घरोघर बोलला जात असताना हा मूकपट तयार झाला.

बाबूराव पेंटर व महाराष्ट्र फिल्म कंपनी : बाबूराव पेंटर यांचे मूळ नाव बाबूराव कृष्णराव मेस्त्री. कोल्हापुरातील एका कारागीर कुटुंबात त्यांचा जन्म झाला. चित्रकला व शिल्पकला ते स्वतःच्या प्रयत्नाने शिकले. मावसभाऊ आनंदराव यांच्याबरोबर त्यांनी संगीत नाटक मंडळ्यांसाठी पडदे रंगविले. ‘पेंटर’ हे नाव त्यातूनच रूढ झाले. दादासाहेब फाळके यांच्या राजा हरिश्चंद्र (१९१३) या चित्रपटाने दोघांनाही चित्रपटाचे वेड लावले. कॅमेरा विकत घेण्याची ऐपत नसल्याने तो स्वतःच तयार करण्याचा त्यांनी निश्चय केला. १९१६ मध्ये आनंदरावांचे निधन झाले. परंतु बाबूरावांनी शिष्य विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने १९१८ मध्ये देशी बनावटीचा कॅमेरा सिद्ध केला. गायिका तानीबाई कागलकर यांच्या आर्थिक साहाय्यामुळे महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. सैरंध्री (१९२०) हा तिचा पहिला मूकपट. पुरुषांनी स्त्रीभूमिका करण्याच्या त्या काळात कंपनीने स्त्रीभूमिका स्त्रियांकडून करविल्या. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली.

बाबूरावांचे वैशिष्ट्य चित्रकाराच्या दृष्टीत होते. प्रत्येक दृश्याचे रेखाटन ते आधी करीत. रंगविलेल्या सपाट पडद्यांऐवजी त्यांनी खोली असलेले नेपथ्य उभे केले. सूर्यप्रकाश परावर्तकांनी वळवून छायाप्रकाशाची योजना केली. सिंहगड (१९२३) या मूकपटात रात्रीची दृश्ये कृत्रिम प्रकाशात चित्रित करण्यात आली. कल्याण खजिना (१९२४) या मूकपटास वेंब्ली येथील ब्रिटिश साम्राज्य प्रदर्शनात पदक मिळाले. कंपनीच्या कामात दामले व एस्. फत्तेलाल हे छायाचित्रण व कला ही अंगे सांभाळीत. व्ही. शांताराम व केशवराव धायबर हेही येथेच घडले. इतिहास व पुराण या दोन्ही क्षेत्रांत असे यश मिळालेले असताना बाबूराव समकालीन खेड्याकडे वळले, ही गोष्ट म्हणूनच महत्त्वाची आहे. बाजाराची मागणी त्यामागे नव्हती.

कथानक व चित्रण : मूकपटाचे कथासूत्र साधे आहे. एका तरुण शेतकऱ्याची जमीन लोभी सावकाराच्या घशात जाते. जमीन गेल्यावर गावात उभे राहण्यास त्याला आधार उरत नाही. तो शहराकडे जातो आणि गिरणीत कामगार होतो. शेतकऱ्याची भूमिका शांताराम यांनी, तर सावकाराची झुंजारराव पवार यांनी केली. कमलादेवी यांचीही त्यात भूमिका होती. कथालेखक आपटे हे बोधप्रधान सामाजिक कादंबऱ्यांसाठी प्रसिद्ध होते. पुढे त्यांच्याच न पटणारी गोष्ट या कादंबरीवरून प्रभात कंपनीचा कुंकू (१९३७) हा चित्रपट निघाला.

या कथासूत्रातील शेवटचा टप्पा विशेष लक्षणीय होय. सज्जनाला देव तारतो व दुर्जनाला शासन होते, हा पौराणिक चित्रपटाचा ठरलेला मार्ग. येथे शेतकऱ्याची वाट गिरणीच्या फाटकाशी जाते. मुंबईच्या गिरण्यांत त्या वेळी सातारा, कोल्हापूर, पुणे, अहमदनगर व कोकण या भागांतून आलेल्या कामगारांची मोठी वस्ती होती. वर्षानुवर्षांचा दुष्काळ, अपुरी जमीन आणि कर्ज ही त्यांच्या स्थलांतराची प्रमुख कारणे होती. गाव आणि गिरणी यांचा हा संबंध एका कुटुंबाच्या कथेतून दाखविल्यामुळे मूकपटाला सामाजिक इतिहासाचे मूल्य आले. नांगर धरणारा हात यंत्रावर कसा जातो, याची ती कथा आहे.

भडक अभिनय व भव्य नेपथ्य यांऐवजी उदास, छायाप्रधान दृश्यरचना हे मूकपटाचे सामर्थ्य मानले गेले. याच विषयावर बाबूरावांनी पुढे काढलेल्या बोलपटातील एक दृश्य निर्माते जे. बी. एच्. वाडिया यांच्या कायम स्मरणात राहिले. अंधुक प्रकाशात दूरून दिसणारी एक भकास झोपडी आणि त्या शांततेत एका कुत्र्याचे रडणे, एवढेच त्या दृश्यात होते. पात्राच्या तोंडी एक शब्दही न घालता दारिद्र्याची जाणीव करून देण्याची बाबूरावांची हातोटी त्यावरून ध्यानात येते.

राजकीय आशय : तत्कालीन भारतीय चित्रपटात राजकारण बहुधा पुराणाच्या आडोशाने येई. कोहिनूर कंपनीच्या भक्त विदुर (१९२१) या मूकपटातील विदुराचे महात्मा गांधींशी साम्य दिसल्याने मद्रास व सिंध येथे त्यावर बंदी आली. सैरंध्री किंवा सिंहगड पाहताना प्रेक्षक जुलमी सत्तेच्या जागी इंग्रज सत्तेस पाहत. भालजी पेंढारकर यांच्या वंदे मातरम् आश्रम (१९२६) या मूकपटाने शिक्षणपद्धतीवर उघड टीका केली व त्यास परिनिरीक्षणाचा फटका बसला. सावकारी पाश मात्र या सर्वांहून निराळा आहे. त्यातील अन्याय करणारा परका राज्यकर्ता नाही. तो गावातलाच, ओळखीचा माणूस आहे. स्वराज्याच्या चळवळीत सर्व एतद्देशीयांची एकजूट अपेक्षित असताना आपल्याच समाजातील शोषणाकडे बोट दाखविणे अडचणीचे होते. सावकाराविरुद्ध बोलणे म्हणजे परकी सत्तेवरील लक्ष दुसरीकडे वळविणे, असा एक पक्ष होता; तर ज्याच्या पायाखालची जमीन गेली त्याला स्वराज्य म्हणजे काय, हा दुसऱ्या पक्षाचा सवाल होता. या वादात मूकपटाने घोषणा न करता शेतकऱ्याची बाजू घेतली. याच काळात धीरेन गांगुली यांनी बंगालमध्ये बिलात फेरत (१९२१) या मूकपटातून इंग्रजाळलेल्या शहरी मध्यमवर्गाची थट्टा केली होती. सामाजिक चित्रपटाची ती एक दिशा. सावकारी पाशने दुसरी आणि अधिक कठीण दिशा धरली.

प्रतिसाद : जाणकारांनी मूकपटाची प्रशंसा केली. सर्वसामान्य प्रेक्षकांनी मात्र त्यास फारसा प्रतिसाद दिला नाही. अद्‌भुत चमत्कार व शौर्यकथा यांना सरावलेला प्रेक्षक रोजच्या विवंचना पडद्यावर पाहण्यास तयार नव्हता, हे त्याचे एक कारण मानले जाते. दुसरी एक अडचण माध्यमातच होती. मूकपटातील संवाद व निवेदन पडद्यावरील लिखित पाट्यांतून सांगितले जाई. पौराणिक कथा सर्वांना तोंडपाठ असल्याने निरक्षर प्रेक्षकाचे पाट्यांवाचून अडत नसे. नव्या सामाजिक कथेत तसे नव्हते. चित्रपटगृहांत कोणी साक्षर प्रेक्षक पाट्या मोठ्याने वाचून दाखवी व शेजारचे ऐकत. लेखी मजकुरासाठी दुसऱ्यावर विसंबून राहणे हेच ज्याच्या नाशाचे कारण, त्याची कथाही त्याला दुसऱ्याकडूनच वाचून घ्यावी लागत होती. शिवाय स्थायी चित्रपटगृहे बहुतेक शहरांतच होती. ज्या खेड्याची ही कथा होती, तेथवर ती क्वचितच पोहोचली असती.

यानंतर बाबूराव पुन्हा पौराणिक व ऐतिहासिक विषयांकडे वळले. माया बाजार (१९२५), गजगौरी (१९२६), मुरलीवाला व सती सावित्री (१९२७) हे त्यांचे नंतरचे मूकपट. १९२९ मध्ये शांताराम, दामले, फत्तेलाल व धायबर यांनी बाहेर पडून सीताराम कुलकर्णी यांच्यासह कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीची स्थापना केली. महाराष्ट्र फिल्म कंपनीला त्यानंतर उतरती कळा लागली व बोलपटाच्या प्रारंभकाळात ती बंद पडली. मूळ विषय मात्र बाबूरावांनी सोडला नाही. कोल्हापूरच्याच शालिनी सिनेटोनसाठी १९३६ मध्ये त्यांनी सावकारी पाश बोलपटरूपात पुन्हा काढला. अपयशी ठरलेल्या विषयाकडे अकरा वर्षांनी परतणे, यावरून त्यांची त्यावरील निष्ठा दिसून येते.

महत्त्व व प्रभाव : जमीन, कर्ज, सावकार आणि शहर या चार बिंदूंची जी आकृती या मूकपटाने आखली, तीच पुढे भारतीय ग्रामीण चित्रपटात वारंवार दिसते. मेहबूब यांच्या औरत (१९४०) व मदर इंडिया (१९५७) या हिंदी चित्रपटांत सावकार सुखीलालाच्या रूपाने तो येतो. बिमल रॉय यांच्या दो बिघा जमीन (१९५३) या चित्रपटातील शेतकरी जमीन सोडविण्यासाठी कलकत्त्यास जातो व रिक्षा ओढतो. या चित्रपटांनी सावकारी पाशचे अनुकरण केले असे म्हणण्यापेक्षा, ज्या वास्तवातून तो निर्माण झाला ते वास्तव तीन दशके टिकून राहिले, असे म्हणणे अधिक युक्त होईल. मराठीत मात्र निराळेच घडले. जयमल्हार व लोकशाहीर राम जोशी (दोन्ही १९४७) यांच्यानंतर ग्रामीण चित्रपटाची लाट आली. यांतील दुसऱ्याच्या दिग्दर्शनात बाबूरावांचाही सहभाग होता. या लाटेत पाटील, तमाशा व लावणी यांना प्राधान्य मिळाले आणि कर्जाचा प्रश्न मागे पडला.

प्रत्यक्ष जीवनात तो मागे पडला नव्हता. १९५१–५२ च्या अखिल भारतीय ग्रामीण पतपाहणीत असे आढळले, की शेतकऱ्याच्या कर्जापैकी सु. ७० टक्के सावकारांकडून येत होते. सहकारी संस्थांचा वाटा जेमतेम ३ टक्के होता. ज्या अहमदनगर जिल्ह्यात १८७५ मध्ये खते जाळली गेली, तेथेच सावकारीवरील दुसरा उपायही आकाराला आला. विठ्ठलराव विखे पाटील यांनी १९२३ मध्ये लोणी येथे सहकारी पतपेढी सुरू केली व पुढे अर्थतज्ञ धनंजयराव गाडगीळ यांच्या मार्गदर्शनाने प्रवरानगरचा सहकारी साखर कारखाना उभा राहिला. सावकारीचे नियमन करणारे कायदे १९४६ मध्ये व महाराष्ट्रात पुन्हा २०१४ मध्ये करावे लागले, यावरून पाश पूर्णपणे तुटला नाही हे स्पष्ट होते.

मूळ मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाही. भारतात तेराशेहून अधिक मूकपट निघाले, त्यांपैकी फारच थोडे टिकले. बाबूरावांच्या मूकपटांपैकी मुरलीवाला व सती सावित्री यांचे काही अंश पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जतन केलेले आहेत. ज्या कागदाने शेतकऱ्याला बांधले, तो कागद सरकारी दप्तरांत सुरक्षित राहिला. ज्या फितीने त्याचे दुःख टिपले, ती नष्ट झाली. छायाचित्रे, चित्रपटविषयक लेखन व समकालीनांच्या आठवणी यांच्या आधारेच आता या मूकपटाची ओळख करून घ्यावी लागते. तरीही खेड्यातील सामान्य माणूस हा देव-दानव व राजे-महाराजे यांच्याइतकाच चित्रपटाचा नायक होऊ शकतो, हे प्रथम दाखवून देणाऱ्या मोजक्या कृतींत सावकारी पाशचे स्थान अढळ आहे.